पाचवी तार

दिघ्याला, जुन्या खाणीच्या कडेला, आमच्या खोलीत
एक टेबल आहे. पाय तीन, चौथा विटांचा.
दिवसा मी महापेच्या कंपनीत सर्किटांना डाग देते,
रात्री या टेबलावर बेंजो उघडते :
टायपरायटरसारखी बटणं, निसटलेल्या स्प्रिंगा,
कुणाच्या तरी हळदीत सांडलेली बिअर वाळून
चिकटलेल्या तारा.

टेबल वडिलांचं. लहानू अवघडे.
गोठिवली, रबाळे, तळवली, घणसोली,
वीस वर्षं त्यांच्याशिवाय इकडे हळद रंगली नाही.
वाजवायचं मंडपाच्या मधोमध.
जेवायचं मंडपाच्या मागे.

त्यांची एक कॅसेट आहे.
कव्हरवर होडी, नवरा-नवरी,
पार्टीच्या मालकाचा गॉगल घातलेला फोटो,
आणि खाली, बारीक : संगीत – पारंपरिक.
आई विचारायची, कोण हा पारंपरिक?
त्याला तरी पैसे मिळाले का?

परवा सीवूड्सचा एक पोरगा आला. अन्वय.
डोक्यावर रुंद कडांची टोपी, उन्हाची नव्हे, हौसेची.
पिशवीतून काढून म्हणाला, बेंजो.
हा? याला बटणं कुठायत?
हा खरा बेंजो, ताई. अमेरिकेतला.
डोंगरातल्या गोऱ्या शेतकऱ्यांचा.

गोल कडं. कड्यावर ताणलेलं कातडं.
कडेनं आवळायच्या खिट्ट्या.
मी हात फिरवला आणि हसूच आलं.
अरे, ही तर हलगी.
कुणीतरी हलगीला मान लावली
आणि मानेवर तारा.

कातडं सैल पडलं होतं, खाडीची हवा खाऊन.
आजोबा पाचटाच्या जाळावर शेकायचे.
मी साठचा बल्ब लावला, जरा लांब धरला.
भाची नववीत आहे, ती फोनवरचं इंग्रजी
वाचून सांगत होती :
मावशी, हा आधी भोपळा होता.
आफ्रिकेतल्या माणसांचा.
बोटीच्या तळाशी साखळीनं बांधून नेलं त्यांना.
वाद्यं कुठली नेणार?
पलीकडे उतरल्यावर
आठवणीतून पुन्हा कोरली.
काही ठिकाणी ढोल बडवायलासुद्धा बंदी होती.
मग गोऱ्यांनी तोंडाला काजळी फासून
त्यांची नक्कल केली, तिकीट लावून.
मग रेकॉर्डी निघाल्या.
काळ्यांच्या वेगळ्या, गोऱ्यांच्या वेगळ्या,
बेंजो राहिला गोऱ्यांकडे.

आणि वाजवणारे?
ती बराच वेळ बोट वर सरकवत राहिली.
इथे पारंपरिक लिहिलंय, मावशी.

बल्बखाली कातडं हळूहळू
बोटाला उत्तर द्यायला लागलं.

मग आपला बटणांचा?
तो जपानचा. नाव फक्त तिकडचं घेतलंय.
म्हणजे नावसुद्धा फिरत आलं,
कुणाच्या तरी अंगावरून उतरवलेल्या सदऱ्यासारखं,
आणि गोठिवलीत येऊन
माझ्या बापाला बरोबर बसलं.

चार तारा लावल्या. पाचवी विचित्र.
ती वरून निघतच नाही,
मानेच्या अध्येमध्ये सुरू होते, आखूड,
एकच सूर धरून बसते अंगठ्याखाली.
पोरगा म्हणाला होता, ही फार मध्ये मध्ये करते,
गप्प करता आली तर बघा.
हे तुणतुणं आहे, मनात म्हटलं.
गोंधळात मागे उभा असतो ना, तो.
वाजतो तोवर त्याच्याकडे कुणी बघत नाही.
थांबला, की सगळे वळून बघतात.

शनिवारी तो न्यायला आला.
चौघींची घरघर काढलीय, म्हटलं.
पाचवीला हात लावलेला नाही.
त्यानं टोपी सारखी केली, फोननं पैसे दिले,
रिक्षा मिळेल का विचारलं.

कड्याच्या आत, बॅटरी मारल्याशिवाय
दिसणार नाही अशा जागी,
पेन्सिलीनं लिहिलंय मी : लहानू अवघडे.
वरची ओळ रिकामी ठेवलीय,
जरा लांबच.
तिकडची नावं केवढी असतात, मला ठाऊक नाही.